अवमान अर्ज आणि खरं सांगण्याची जबाबदारी

समजा, तासगावकडच्या एका शेतकऱ्याला सामाईक विहिरीच्या पाण्याच्या पाळीबाबत मनाई हुकूम मिळाला, तरी भाऊबंद मोटार सुरू करू देत नाहीत. अशा वेळी दाद त्याच दिवाणी न्यायालयात, आदेश ३९ नियम २अ खाली मागता येते. तिथं मालमत्ता जप्तीची आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदेची तरतूद आहे. उच्च न्यायालयाचाच आदेश मोडला असेल, तर अवमान याचिका. त्यासाठी सांगली-साताऱ्याच्या लोकांना १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच जवळ आलं आहे.

अवमान सिद्ध झाला की सहा महिन्यांपर्यंत साधी कैद होऊ शकते. २००६ साली सर्वोच्च न्यायालयानं महाराष्ट्राचे मंत्री स्वरूपसिंग नाईक यांना एक महिन्याची कैद सुनावली होती.

एवढं जड हत्यार हातात घेणाऱ्यानं स्वतः स्वच्छ असावं लागतं. हुकमाला अपिलात स्थगिती मिळाली आहे का, अर्धी अंमलबजावणी झाली आहे का, मधल्या काळात तडजोड झाली का, हे प्रतिज्ञापत्रात लिहायलाच हवं. नकलेतलं गैरसोयीचं पान गाळणं ही चलाखी नव्हे, फसवणूक आहे. चेंगलवराया नायडू खटल्यात १९९३ साली सर्वोच्च न्यायालयानं महत्त्वाचा दस्त लपवणं म्हणजे न्यायालयाशी कपट, असंच ठरवलं आणि त्यावर मिळवलेला हुकूमनामा रद्दबातल मानला. वकिलाला सगळे कागद दाखवा, नको वाटणारेही.

आणि तारीख सांभाळा: अवमानाच्या कारवाईची मुदत एक वर्षाची आहे.