कॉटनसाहेब, कॉटन ग्रीन आणि गोदावरीच्या तीन पायऱ्या

लालबागच्या एका वाचकांचं पत्र आलंय. आयुष्य कापड गिरणीच्या साचाखात्यात गेलेले गृहस्थ. आंध्रात मुलाकडे गेले असताना त्यांनी गोदावरीकाठी घोड्यावर बसलेल्या कुणा इंग्रजाचा हार घातलेला पुतळा पाहिला. नाव विचारलं तर लोक म्हणाले, ‘कॉटन दोरा’. दोरा म्हणजे साहेब. यांचा प्रश्न असा, की हार्बर लाइनचं कॉटन ग्रीन त्याच साहेबाच्या नावावरून का?

नाही. कॉटन ग्रीनमधला कॉटन म्हणजे आपला साधा कापूस. पूर्वी कुलाब्याला कापसाच्या गासड्यांचं जे मैदान होतं, त्याचं नाव बाजाराबरोबर शिवडीला आलं. पण काका, तुमचा नेम चुकला असला तरी दगड लागलाय योग्य झाडाला. त्या साहेबाचं म्हणणं मान्य झालं असतं, तर विदर्भाचा कापूस मुंबईकडे न येता नदीतून काकीनाड्याला गेला असता!

आर्थर कॉटन हा मद्रासकडचा इंजिनिअर. राजमहेंद्रीजवळ धवळेश्वरम इथे १८४७ ते १८५२ या काळात त्यानं गोदावरीवर बंधारा घातला आणि दुष्काळी मुलूख भाताचं कोठार झाला. पुतळे त्याचे आहेत. पण त्याचं दुसरं वेड होतं जलवाहतूक. आगगाडी हा श्रीमंतांचा चोचला, माल स्वस्तात न्यायचा तर पाण्यावरून, हे तो म्हातारपणापर्यंत पार्लमेंटच्या समित्यांना ऐकवत राहिला. नकाशा बघितला तर त्याचं बोलणं पटतंही. वर्धा आणि वैनगंगा मिळून प्राणहिता होते, सिरोंच्यापाशी ती गोदावरीला मिळते, पुढे इंद्रावती येते, मग भद्राचलम, राजमहेंद्री आणि समुद्र. सगळा उतार पूर्वेकडे. उलट मुंबईला यायचं तर लमाणांच्या तांड्यांतल्या बैलांच्या पाठीवरून शेकडो मैल, आणि शेवटी घाट. माल पोचेपर्यंत कापूस निम्मा आणि धूळ निम्मी.

अडचण होती तीन ठिकाणी. भद्राचलमच्या वर दुम्मागुडेम, इंद्रावतीच्या संगमाखाली इंचमपल्ली आणि अहेरीकडे प्राणहितेवर देवलमरी. सरकारी कागदांत यांना पहिला, दुसरा आणि तिसरा ‘बॅरिअर’ म्हणत. पात्रात आडवे कठीण खडक आणि त्यावरून फेसाळत उतरणारं पाणी. अशा जागी नाव वर चढत नाही आणि खाली उतरली तर फळ्या होऊन उतरते.

मग खडक सुरुंगानं उडवायचा, असं कुणालाही वाटेल. चाळीतली मोरी आठवा. मोरीला चार बोटांचा कठडा असतो म्हणून पाणी आत राहतं. कठडा फोडलात तर मोरी कोरडी आणि खोलीत तळं. नदीतला खडकाळ उंबरठा हा तसाच कठडा. त्याच्यामुळे वरच्या बाजूला मैलोन्‌मैल खोल, संथ डोह तयार झालेला असतो. तो कापला की डोह ओसरतो, वरचं पात्र उथळ होतं आणि धार तिथे नव्यानं वेग घेते. म्हणून शहाणा इंजिनिअर खडकाला हात न लावता शेजारून कालवा काढतो आणि उतार पायऱ्यांमध्ये वाटून टाकतो. प्रत्येक पायरी म्हणजे एक लॉक, दोन दरवाजांमधला हौद. नाव आत घ्या, मागचं दार लावा, वरचं पाणी आत सोडा, नाव आपसूक वर. ना पंप, ना इंजिन.

ही युक्ती ज्याला सुचली तो माझा लाडका माणूस. इसवी सन ९८४ मधला छ्याओ वेइ-यो, चीनच्या महाकालव्यावरचा वाहतूक अधिकारी. तोवर धान्याच्या सरकारी नावा चिखलाच्या उतारावरून दोरांनी ओढून पलीकडे नेत. ओढताना त्या मोडत, धान्य सांडे आणि ते लुटायला चोर टपलेलेच असत. ओढणाऱ्यांचंही त्यांच्याशी साटंलोटं! या गृहस्थानं अडीचशे फुटांच्या अंतरावर दोन दरवाजे घातले आणि मधल्या जागेवर चक्क छप्पर टाकलं. जगातलं पहिलं नोंदलेलं लॉक विज्ञानाच्या ओढीतून नव्हे, चोरीला कंटाळून बांधलं गेलं. पाचेकशे वर्षांनी मिलानमध्ये लिओनार्दो दा विंचीनं सुधारलेले दरवाजे मात्र सगळ्यांना पाठ. नमस्काराला तळवे जोडताना टोक प्रवाहाकडे झुकवावं, तशी दोन दारं. पाणी जितकं जोरात ढकलेल, तितकी ती घट्ट मिटतात. कल्पना सुरेखच आहे, पण हौद चिन्याचा.

लॉक पाहायला मिलानला किंवा पनामाला जायला नको. १९१४ मध्ये सुरू झालेल्या आपल्या इंदिरा गोदीच्या तोंडाशी एक आहे. लांबी साडेसातशे फूट, रुंदी शंभर फूट. भरती-ओहोटीनं बाहेरचा समुद्र खाली-वर होत असताना आतली जहाजं तरंगती ठेवणं हे त्याचं काम. आत-बाहेर तीन मीटरचा फरक धरला तर एका खेपेला दोन कोटी लिटर पाणी हलतं, म्हणजे दहा हजार लिटरचे दोन हजार टँकर. मुंबईला हे परवडतं, कारण बाहेर अरबी समुद्र आहे.

गोदावरीचं घोडं नेमकं इथेच पेंड खात होतं. कॉटननं स्वप्न सांगितलं, पण हिवतापाच्या जंगलात वर्षानुवर्षं राहून काम ओढलं ते फेलिक्स थॅकरे हेग या कॅप्टननं. त्याचा पुतळा मी कुठे पाहिलेला नाही. दुम्मागुडेमला त्यानं बंधारा घातला, कालवा आणि लॉक बांधले. खडक हरला म्हणायला हरकत नाही. दगडी बंधारा अजून उभा आहे. पण लॉक उतार सोडवतं, पाणी निर्माण करत नाही. पावसाळ्यात धार इतकी, की नाव वर जाणं मुश्कील. उन्हाळ्यात दोन खडकांमधल्या वाळूत गुडघाभर पाणी, तेही चार ओहोळांत फाटलेलं. वर तलाव बांधा आणि उन्हाळ्यात पाणी सोडा, हे कॉटनचं उत्तर. म्हणजे नदी वापरण्यासाठी आधी नदी तयार करा.

तरी उत्साह दांडगा होता. १८६० मध्ये निजामाकडून गोदावरीच्या डाव्या काठचे तालुके घेऊन सिरोंच्याला ‘अप्पर गोदावरी’ नावाचा जिल्हा थाटला गेला. तिथल्या ग्लासफर्ड या डेप्युटी कमिशनरच्या नावाचं ग्लासफोर्डपेठा हे गाव आजही सिरोंचा तालुक्यात आहे. अमेरिकेत यादवी पेटली, लँकेशायरच्या गिरण्यांचा कापूस आटला आणि मँचेस्टरचे व्यापारी गोदावरी उघडा म्हणून सरकारच्या मागे लागले. मध्य प्रांताचा चीफ कमिशनर रिचर्ड टेंपल यानं १८६३ मध्ये या जलमार्गावर अहवाल लिहिला.

इकडे जीआयपी रेल्वे मुकाट्यानं रूळ टाकत होती. १८६३ मध्ये बोरघाट, १८६५ मध्ये थळघाट आणि १८६७ मध्ये नागपूर. हिंगणघाटच्या गासड्या आता बारमाही बोरीबंदरला येऊ लागल्या. १८७१ मध्ये सरकारनं गोदावरीचं काम थांबवलं. इंचमपल्ली आणि देवलमरीचे खडक नाव न चढवताच राहिले. तीन वर्षांनी अप्पर गोदावरी जिल्हाही चांद्यात विरून गेला. टेंपलसाहेब मात्र १८७७ मध्ये मुंबईचे गव्हर्नर झाले. ज्या शहराला वळसा घालून कापूस न्यायचा होता, तिथेच तो आगगाडीतून उतरताना त्यांनी पाहिला असणार.

परळ-लालबागच्या चिमण्या एका कालव्याच्या अपयशावर उभ्या राहिल्या, असं मी म्हणणार नाही. ताडदेवला दावरांची गिरणी १८५४ मध्येच निघाली होती, आणि भांडवल, बंदर, कोकणातून आलेली माणसं हे सगळं मुंबईत होतंच. पण कच्चा माल कुठल्या दारानं बाहेर पडणार, हा प्रश्न वीसेक वर्षं खरोखर उघडा होता.

तो पुन्हा उघडल्याचं आता कागदावर दिसतं. २०१६ च्या राष्ट्रीय जलमार्ग कायद्यात देशभरातले १११ जलमार्ग आहेत. त्यातल्या चौथ्यात भद्राचलमपासून थेट नाशिकपर्यंतची गोदावरी आहे. दुम्मागुडेम, इंचमपल्ली, सगळं वाटेत. कायदा लागू झाला एप्रिल २०१६ मध्ये. त्याच महिन्यात नाशिकचं रामकुंड कोरडं पडलं होतं.