टर्कीची आई झालेला नट

पोरांनो, आपली खुडूक कोंबडी अंड्यांवर बसली त्याला आज एकोणीस दिवस झाले. एकविसाव्या दिवशी पिल्लं बाहेर येतील. पण त्याआधीच आत बोलणं सुरू होतं बरं का! अंड्याच्या जाड टोकाकडे हवेची एक लहानशी पोकळी असते. पिल्लू तिच्यात चोच खुपसतं, आयुष्यातला पहिला श्वास घेतं आणि कवचाच्या आतूनच चिवचिवतं. कोंबडी वरून हलक्या आवाजात ओ देते. एकमेकांना पाहण्याआधीच मायलेकरांची आवाजाने ओळख झालेली असते.

आता गोष्ट ऐका. अमेरिकेत, फ्लोरिडातल्या पाइनच्या रानाजवळ जो हटो नावाचे निसर्गाचे अभ्यासक राहत. एका शेतकऱ्याने रानटी टर्कीची १६ अंडी त्यांच्या ओसरीवर आणून ठेवली. टर्कीची अंडी उबायला २८ दिवस लागतात. हटोंनी ती उबवणीच्या यंत्रात ठेवली आणि टर्कीच्या आवाजात त्यांच्याशी बोलू लागले. शेवटी शेवटी अंड्यांतून उत्तरं यायला लागली. पहिलं पिल्लू बाहेर पडलं, त्याने मान वर करून हटोंकडे टक लावून पाहिलं, आणि त्याच्यापुरती आई ठरली.

हे वेडेपण नव्हे. टर्की, बदक, हंस यांची पिल्लं जन्मताच पायांवर उभी राहतात. पळता येतं, म्हणून हरवण्याची भीतीही मोठी. त्यामुळे पहिल्या एक-दोन दिवसांत जे हलतं-बोलतं दिसेल, त्याचा ठसा त्यांच्या मनावर कायमचा उमटतो आणि ती त्याच्याच मागे चालतात. ऑस्ट्रियाच्या कोनराड लोरेन्झ यांच्यामागे हंसांची पिल्लं अशीच रांगेने फिरत. प्राण्यांच्या वागण्याच्या अभ्यासासाठी १९७३ साली त्यांना नोबेल मिळालं, आणखी दोघांबरोबर.

हटो वर्षभराहून अधिक काळ त्या पिल्लांबरोबर रानात हिंडले. १९९५ साली त्यांनी पुस्तक लिहिलं. पुढे दिग्दर्शक डेव्हिड अ‍ॅलन यांना त्यावर माहितीपट करायचा होता. पण ती जुनी पाखरं आता कुठून आणणार? मग हटोंची भूमिका करायला जेफ पामर आले. माणसांच्या नाटकात आईचं काम करणारी बाई प्रयोग संपला की घरी जाते. इथे ते चालणार नव्हतं. टर्कीच्या पिल्लाला संहिता कळत नाही. ते ज्याला आई मानतं त्याच्याच मागे येतं, दुसऱ्या कोणाच्या नाही. म्हणून पामर यांना नव्या पिल्लांची आई खरोखरच व्हावं लागलं. पडद्यावर पाखरं त्यांच्या अंगाखांद्यावर विसावतात, गवतातून त्यांच्या मागे धावतात, ते त्यांना कोणी शिकवलेलं नाही. मला तर वाटतं, एवढी कठोर परीक्षा कुठल्याच नटाची झाली नसेल, कारण समोरच्या पाखरापुढे खोटं एक क्षणही टिकत नाही.

२०११ साली 'माय लाइफ अ‍ॅज अ टर्की' या नावाने तो माहितीपट दाखवला गेला. त्यात एक प्रसंग आहे, तो पाहताना माझ्या पोटात कालवतं. 'टर्की बॉय' नावाचा नर मोठा होतो आणि एके दिवशी ज्याच्या मागे तो लहानपणापासून फिरला, त्याच्याच अंगावर धावून जातो. यात त्याचा कृतघ्नपणा नाही रे. वयात आलेला टर्की दुसऱ्या नराशी झुंजतोच, आणि त्याच्या लेखी हटो टर्कीच होते!

चला, झोपा आता. उद्या सकाळी कोंबडी दाणे टिपायला खाली उतरली, की अंडी न हलवता हळूच कान लावायचा. आणि आवाज आला तर ओरडायचं नाही, आधी मला येऊन सांगायचं.