विजेचा भार आणि माझी जाड तार

कला शाखेच्या विद्यार्थ्याने विजेच्या भारावर लेख लिहावा याचे वाचकांना नवल वाटेल. पण हे गणित मी पुस्तकातून शिकलो नाही. घरातल्या जळालेल्या बोर्डासमोर उभा राहून शिकलो.

आमचे घर दोन खोल्यांचे. पुढच्या खोलीत वडिलांचे इस्त्रीचे दुकान. घर आणि दुकान एकाच जुन्या वायरिंगवर चालत असे. मागच्या दिवाळीत कामाची गर्दी वाढली म्हणून दुसरी इस्त्री घेतली, त्याच महिन्यात गिझरही आला. मग फ्यूज वरचेवर उडू लागला. घराण्यात कॉलेजची पायरी चढणारा मी पहिलाच, त्यामुळे असली कामे माझ्याकडे. मी तारेचे तीन पदर पिळून फ्यूजमध्ये घातले आणि फ्यूज उडायचा थांबला. आठव्या दिवशी सकाळी बोर्डातून धूर निघाला. आईने धावत जाऊन मेन स्विच बंद केला म्हणून गिऱ्हाइकांचे कपडे वाचले, आणि आम्हीही.

वायरमनकाकांनी जळकी तार माझ्या हातात दिली. म्हणाले, “फ्यूज राखणदार होता रे. तू त्यालाच बांधून ठेवलंस. आता कागद घे आणि लिही.”

प्रत्येक उपकरणावर त्याचे वॅट लिहिलेले असतात. घराची बेरीज अशी झाली: चार एलईडी दिवे 36, दोन पंखे 150, टीव्ही 80, फ्रिज 200, मिक्सर 500, पाण्याची मोटर 600 आणि गिझर 2000, एकूण 3566 वॅट. दुकानात दोन इस्त्र्या 2000, दिवे 40, पंखा 75, एकूण 2115. सगळे मिळून 5681 वॅट. याला जोडलेला भार म्हणतात.

पण घरात सगळे एकदम चालत नाही. मिक्सर पाच मिनिटे, मोटर अर्धा तास. म्हणून एकाच वेळी जास्तीत जास्त काय चालेल ते धरायचे. दुकानाला मात्र ही सवलत नाही. तिथे सकाळपासून सगळेच चालू. आपल्या महाविद्यालयाच्या वाचनालयाचेही तसेच. परीक्षेच्या दिवसांत तिथला प्रत्येक पंखा आणि दिवा एकदम चालतो, तेव्हा तिथे भार जवळजवळ पुरता धरावा लागतो. घर आणि व्यापारी इमारत यांच्या हिशेबात हाच मुख्य फरक.

आमच्याकडे सकाळी दुकान, गिझर, दिवे, पंखे, टीव्ही, फ्रिज असे 4581 वॅट एका वेळी चालत. घरगुती वीज 230 व्होल्टची. वॅटला व्होल्टने भागले की ढोबळमानाने प्रवाह मिळतो: सुमारे 20 अँपिअर. आमची मुख्य तार दीड चौरस मिलिमीटरची. काकांच्या मते तिच्यावर पंधराच्या वर जाऊ नये. शिवाय प्रवाह दुप्पट झाला तर तारेतली उष्णता चौपट होते. भिंतीतली तार तापत होती आणि ते सांगणारा फ्यूज मी मुका केला होता.

पुढे दुकानासाठी वेगळे व्यापारी कनेक्शन घेतले, मुख्य तार बदलली, गिझरला चार चौरस मिलिमीटरची स्वतंत्र तार आणि तारेच्या मानाने एमसीबी बसवला. वडील मला रागावले नाहीत. खर्च मात्र त्यांनी सहा महिने फेडला, हे मला रागावण्यापेक्षा जास्त लागले.

वडिलांना अक्षरओळख बेताची, पण आकडे पक्के कळतात. हिशेबाचा तो कागद बोर्डाशेजारी चिकटवला आहे. परवा तिसऱ्या इस्त्रीचा विषय निघाला तेव्हा त्यांनी आधी विचारले, “अरे, किती अँपिअर होतील?”

मित्रहो, आज घरी गेल्यावर विजेच्या बिलावरचा ‘मंजूर भार’ पाहा आणि शेजारी आपल्या उपकरणांची बेरीज मांडा. एवढ्या गणिताला विज्ञान शाखेची गरज नाही. आणि फ्यूज उडालाच, तर जाड तार शोधण्याआधी तो का उडाला ते शोधा.

— द्वितीय वर्ष, कला