नवे चित्रीकरण आणि जुना संगणक

दिवाळी सरली की तिरोड्याच्या आसपास गावोगाव मंडई भरते, रात्री दंडार रंगते. हल्ली कुणीतरी हातकॅमेऱ्याने तिचे चित्रीकरणही करतो. पण ते जोडायला घरचा जुना संगणक उघडावा, तर चित्र अडखळते. आवाज पुढे, नट मागे! कॅमेरा चांगला, संगणकही धडधाकट. मग घोडे अडते कुठे?

पूर्वीच्या डीव्ही फितीवर सेकंदाला 25 चित्रे उतरत, आणि प्रत्येक चित्र स्वतंत्र, पूर्ण असे. एका चित्रात 720 गुणिले 576 ठिपके. जुन्या संकलन-प्रणाली याच हिशेबाने बांधलेल्या. मग 2003 साली एचडीव्ही आणि 2006 साली एव्हीसीएचडी या पद्धती आल्या. ठिपके 1920 गुणिले 1080 पर्यंत गेले, म्हणजे बरोबर पाचपट! आणि हे सारे जवळजवळ पहिल्याइतक्याच जागेत बसवायचे.

त्यासाठी केलेली युक्ती आपल्या वहीतलीच आहे. पहिली नोंद पूर्ण लिहायची. पुढे 'वरीलप्रमाणे' म्हणून फरक तेवढा टिपायचा. तसे येथे एक चित्र पूर्ण, पुढच्या काही चित्रांत केवळ बदल. जागा वाचते खरी. पण मधलीच नोंद वाचायची तर वरपासून वाचत यावे लागते. संकलन करणारा तर नेमकी मधेच कात्री लावतो. जुना संगणक दमतो तो येथे.

यावर उपाय दोन. पहिला, सगळे चित्रण सुट्या, पूर्ण चित्रांच्या फाइलीत बदलून घ्यावे. जागा कितीतरी अधिक लागते, पण काम सुरळीत चालते. दुसरा, लहान ठिपक्यांची नक्कल, म्हणजे प्रॉक्सी, करून तिच्यावर कापाकापी करावी आणि शेवटी मूळ चित्रण जोडावे. मात्र प्रणालीला मूळ फाइल वाचताच येत नसेल, तर पहिलाच मार्ग धरावा.

एक गोष्ट विसरू नका. फीत भरली की कपाटात राहत असे. कार्ड मात्र पुढच्या लग्नासाठी पुसले जाते. म्हणून आधी कार्डावरचे सगळे फोल्डर जसेच्या तसे दोन ठिकाणी उतरवून ठेवा. संगणक उद्या नवा घेता येईल. म्हाताऱ्या शाहिराची ती रात्र पुन्हा मिळायची नाही.