पडद्याच्या कडेला जेसी एड

‘द कॉन्सर्ट फॉर बांगलादेश’ हा चित्रपट आपल्याकडचे बहुतेक जण रविशंकर आणि अल्लारखाँ यांच्यासाठी पाहतात. मीही त्यासाठीच पाहायला घेतला आणि अडकलो तो जेसी एड डेव्हिसपाशी. लांब काळ्या केसांचा हा गिटारवादक बहुतेक गाण्यांच्या साथीला आहे, पण कॅमेरा त्याच्यावर फारसा थांबतच नाही.

१ ऑगस्ट १९७१, मॅडिसन स्क्वेअर गार्डन, जॉर्ज हॅरिसननं भरवलेली मैफल. एरिक क्लॅप्टन तेव्हा हेरॉइनच्या विळख्यात होता आणि तो येईल याची कुणालाच खात्री नव्हती. म्हणून डेव्हिसला हाताशी ठेवलं गेलं. बासवादक क्लाउस फूरमाननं त्याला ऐनवेळी गाणी शिकवली. क्लॅप्टन आला, आणि चित्रपट त्याचा झाला. याच क्लॅप्टननं डेव्हिसच्या पहिल्या अल्बमवर गिटारची साथ केली होती, हे पडद्यावरून कुणाला कळणार? त्या अल्बमचं मुखपृष्ठ डेव्हिसच्या चित्रकार वडिलांनी रंगवलं होतं.

डेव्हिस ओक्लाहोमाचा, कायोवा आणि कोमांची वंशाचा. ब्लूज गायक ताज महालच्या १९६८ च्या पहिल्या अल्बमवर ‘स्टेट्सबरो ब्लूज’मध्ये त्यानं वाजवलेली स्लाइड गिटार गिटारवादक ड्युएन ऑलमननं ऐकली. सर्दीनं बेजार झालेल्या ड्युएनला भावानं तो अल्बम आणि सर्दीच्या गोळ्यांची काचेची बाटली दिली होती. ड्युएननं गोळ्या ओतून टाकल्या, बाटली बोटात चढवली आणि तारांवरून फिरवायला सुरुवात केली. ऑलमनच्या स्लाइडवर पुस्तकं भरतील इतकं लिहिलं गेलं. तिचा उगम मात्र तळटिपेत राहिला. हा मला अन्यायच वाटतो.

१९६८ च्याच डिसेंबरात चित्रित झालेल्या रोलिंग स्टोन्सच्या ‘रॉक अँड रोल सर्कस’मध्ये डेव्हिस ताज महालसोबत वाजवताना दिसतो. पण स्टोन्सना स्वतःचं वादन पसंत पडलं नाही आणि तो चित्रपट १९९६ पर्यंत डब्यात राहिला. डेव्हिस १९८८ मध्येच गेला होता, वयाच्या ४३ व्या वर्षी.

मधल्या काळात डिलन, लेनन आणि हॅरिसन यांच्या ध्वनिमुद्रणांत त्याची गिटार आहे. मग व्यसन, पडझड. त्यातून तो उभा राहिला जॉन ट्रुडेलमुळे. अल्काट्राझ बेटाचा ताबा घेणाऱ्या मूलनिवासींचा आवाज बनलेल्या या कवीच्या शब्दांना डेव्हिसनं १९८६ मध्ये चाली दिल्या.

आणि मग १९ फेब्रुवारी १९८७. नॉर्थ हॉलिवूडच्या पालोमिनो क्लबमध्ये ताज महाल आणि डेव्हिस वाजवत होते. ऐकायला आलेले डिलन, हॅरिसन आणि जॉन फोगर्टी एकेक करत मंचावर चढले. त्या रात्रीचं धूसर व्हिडिओ चित्रण चाहत्यांमध्ये फिरत असतं. मला ते गार्डनच्या चित्रपटाहून मोलाचं वाटतं, कारण इथे पाहुणे डेव्हिसकडे आले आहेत. हॅरिसन त्याच्या शेजारी उभा राहून वाजवतो आहे.

२०१७ च्या ‘रंबल’ या माहितीपटात ताज महाल आणि जॅक्सन ब्राउन त्याच्याविषयी भरभरून बोलतात. ब्राउनच्या ‘डॉक्टर माय आइज’मधला गिटारचा तुकडा डेव्हिसचा. तो एकदा नीट ऐका, आणि मग गार्डनचा चित्रपट पुन्हा लावा.