डॉक्टर आणि रंगभूमि

विद्यार्थिमित्रहो, वैद्यक आणि नाटक यांचा परस्परांशीं काय संबंध, असा प्रश्न तुमच्यापैकीं पुष्कळांस पडेल. आपल्या भागांत मिरज हें रुग्णालयांसाठीं प्रसिद्ध. आणि जवळच सांगलीस विष्णुदास भावे यांनीं १८४३ सालीं 'सीतास्वयंवर' हा खेळ करून मराठी रंगभूमीचा पाया घातला. हीं दोन गांवें जितकीं जवळ, तितक्याच ह्या दोन विद्याही जवळ आहेत.

सातारा येथें १९२७ सालीं जन्मलेले डॉ. श्रीराम लागू हे कान, नाक व घसा यांचे शस्त्रवैद्य होते. पुण्यास व पुढें आफ्रिकेंतील टांझानिया देशांत त्यांनीं व्यवसाय केला. १९६९ सालीं, चाळिशी उलटल्यावर, तो सोडून त्यांनीं रंगभूमीस वाहून घेतलें, आणि पुढील वर्षीं 'नटसम्राट' नाटकांत वृद्ध अप्पा बेलवलकर साकार केले. रोगी बोलूं लागण्यापूर्वींच त्याची चाल, श्वास व हातांचा कंप डॉक्टरास बरेंच कांहीं सांगून जातात. नटासही हेंच निरीक्षण हवें असतें.

परंतु पडद्यावर स्वतः न येतां सल्ला देणाऱ्या डॉक्टराचें कामही तितकेंच मोलाचें आहे. चित्रपटांत यंत्रावर सरळ रेषा उमटते, विजेचा धक्का देतात आणि रोगी उठून बसतो! वास्तविक हृदयाचे स्नायु विस्कळितपणें थरथरत असतील किंवा अतिवेगानें धडधडत असतील, तरच तो धक्का उपयोगीं पडतो. सरळ रेषा असतां छातीवर मिनिटास १०० ते १२० वेळां दाब, कृत्रिम श्वास व औषध हाच उपाय होय. पाहिलेलें खरें मानण्याची आपली संवय असल्यामुळें अशी चूक निरुपद्रवी नसते.

मनाच्या आजारांविषयीं तर हें अधिकच खरें आहे. एकदां स्नेहसंमेलनाच्या तालमींत एका मुलानें विसराळू म्हाताऱ्याची नक्कल केली. सारे हंसले, एक विद्यार्थी मात्र मान खालीं घालून बसला. त्याचे आजोबा घरचीं माणसेंही ओळखीत नव्हते, हें मला मागाहून कळलें. 'अस्तु' ह्या चित्रपटांत असाच स्मृति हरपलेला विद्वान् दाखविला आहे. ती भूमिका करणारे डॉ. मोहन आगाशे हे स्वतः मानसरोगतज्ज्ञ. 'घाशीराम कोतवाल' नाटकांत १९७२ सालीं ते नाना फडणवीस झाले होते. खिन्नतेच्या आजारावरील 'कासव' ह्या चित्रपटाचे ते एक निर्माते. त्यास २०१६ सालचा सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. ज्या आजारास लोक हंसतात, तो कुटुंबें लपवितात. आणि लपविलेल्या आजारास उपचार मिळत नाहींत.

म्हणून पालकांस विनंती कीं, मुलांबरोबर चित्रपट पाहून घरीं आल्यावर एवढें अवश्य विचारावें : हें खरोखर असेंच घडतें काय? आणि मुलांनो, पुढल्या स्नेहसंमेलनांत रोग्याची भूमिका वाट्यास आली, तर तालमीपूर्वीं एखाद्या डॉक्टरास भेटून या.