बांधणीच्या दुकानातला विद्यार्थी
शास्त्रज्ञ मायकेल फॅरेडे स्वतःच शिकला म्हणजे गुरूविना शिकला, हा समज अर्धवट आहे. लोहाराचा हा मुलगा १८०५ मध्ये लंडनच्या एका पुस्तक-बांधणीवाल्याकडे उमेदवारीला लागला आणि बांधायला आलेली पुस्तके वाचू लागला. जेन मार्सेटबाईंचे रसायनशास्त्रावरचे पुस्तक त्यातलेच. पुढे १८१२ मध्ये एका गिऱ्हाइकाने रसायनशास्त्रज्ञ हम्फ्री डेव्हीच्या व्याख्यानांची तिकिटे दिली. याला नशीब म्हणणारे म्हणोत. व्याख्यानांची टिपणे आकृत्यांसह बांधून डेव्हीला धाडणे नशिबाचे काम नव्हते. १८१३ मध्ये डेव्हीकडेच नोकरी मिळाली, टिपणांची सवय मात्र सुटली नाही: फसलेला प्रयोगही वहीत नोंदला जाई. गणित कच्चे होते, हा आक्षेप खराच. चुंबकाभोवतीच्या बलरेषांच्या त्याच्या कल्पनेला समीकरणे दिली ती पुढे भौतिकशास्त्रज्ञ मॅक्सवेलने. तरी १८३१ मध्ये चुंबकाच्या ध्रुवांमध्ये तांब्याची चकती फिरवून त्याने वीज काढली, ती समीकरणांवाचूनच.